टेबलं हाताबाहेर का जातात? वेटरच्या या चुका टाळा

‘सगळं नीट चाललं होतं, आणि अचानक कोसळलं.’ शिफ्ट संपल्यावर हे वाक्य प्रत्येक वेटर कधी ना कधी बोलतो. मीही बोललोय. पण मागे जाऊन पाहिलं की कळतं, अचानक काही झालेलंच नव्हतं. अर्ध्या तासापूर्वी एक केओटी, म्हणजे किचनला जाणारी ऑर्डरची चिठ्ठी, घाईत लिहिली होती, एका टेबलाकडे बघायचं टाळलं होतं, त्याचीच वसुली आता चाललेली असते.

नजर चुकवणं

दोन्ही हातांत प्लेटा आहेत आणि नवं टेबल बसलं. अशा वेळी आपण हमखास मान खाली घालून पुढे जातो, कारण नजर मिळाली की थांबावं लागेल. इथेच चुकतं. चालता चालता ‘नमस्कार, एवढं देऊन आलोच’ म्हणायला दोन सेकंद लागतात. एवढं ऐकलेला माणूस पाच मिनिटं शांत बसतो. न ऐकलेला दुसऱ्याच मिनिटाला मान उंचावून शोधायला लागतो. मात्र पाच मिनिटं लागणार असतील तर ‘एका मिनिटात’ म्हणू नका.

‘हे कुणाचं?’

सहा जणांच्या टेबलासमोर गरम प्लेट धरून ‘हे कुणाचं?’ विचारणारा वेटर लिलाव पुकारतोय असं वाटतं. गप्पा थांबतात, सगळे एकमेकांकडे बघतात, आणि हमखास एखादी प्लेट चुकीच्या माणसासमोर जाते.

यावरचा उपाय जुना आणि सोपा आहे. प्रत्येक टेबलाची एक खुर्ची कायमची एक नंबर ठरवा, समजा दरवाजाच्या सर्वांत जवळची. तिथून घड्याळाच्या काट्याच्या दिशेने दोन, तीन, चार. ऑर्डर याच नंबरांनी लिहायची, कोण आधी बोललं ते बघायचं नाही. पहिली खुर्ची सगळ्या स्टाफने मिळून एकच ठरवली तर तुम्ही दुसरीकडे अडकलात तरी सहकारी न विचारता वाढू शकतो. मधेच कुणी जागा बदलली तर नोंदही लगेच बदला. मी एकदा बदलली नव्हती, आणि मासे न खाणाऱ्या बाईंसमोर अख्खा मासा ठेवून आलो होतो.

ऑर्डर घेतल्यावर ती मोठ्याने वाचून दाखवा, विशेषतः आकडे आणि ‘हे नको, ते कमी’ अशा सूचना. गोंगाटात दोनाचे तीन सहज होतात.

ॲलर्जीबाबत मात्र अंदाज नकोच. ‘नसेल बहुतेक’ हे उत्तर वेटरच्या तोंडी येताच कामा नये. केओटीवर ठळक लिहा, शिवाय शेफला तोंडी सांगा आणि त्याचं उत्तर घेऊनच टेबलाकडे परता. शेंगदाणे चुकून पडलेच तर ते वेचून तीच प्लेट परत नेणं धोक्याचं आहे. त्यांचा अंश पदार्थात राहतो. स्वच्छ भांड्यांत नवी प्लेट करायला सांगा.

सगळं एकदमच किचनला पाठवणं

स्टार्टर आणि मेन कोर्सची केओटी एकत्र किचनमध्ये गेली की दोनच गोष्टी होतात. एक तर मेन कोर्स आला तरी टेबलावर ठेवायला जागा नसते, नाहीतर तो पासवर, म्हणजे किचन तयार प्लेटा ठेवतं त्या काउंटरवर, निवत पडतो. चव जातेच, शिवाय ५ ते ६० अंश सेल्सियसच्या पट्ट्यात जंतू झपाट्याने वाढतात. मेन कोर्स लिहून ठेवा, पण किचनला ‘सोडा’, म्हणजे करायला घ्या, म्हणण्याआधी टेबल बघा. पदार्थाला पंधरा मिनिटं लागत असतील तर स्टार्टर अर्धा-पाऊण संपला की सांगायचं. गप्पांत रमलेलं टेबल आणि ट्रेन गाठायची असलेलं टेबल यांचं घड्याळ एक नसतं. लहान मूल सोबत असेल तर त्याचं आधी आणू का, एवढं विचारा. पालक सुटकेचा श्वास सोडतात.

रिकामे हात

किचनकडे जाताना काहीतरी उचला, येताना काहीतरी आणा. निघण्याआधी सेक्शनवर, म्हणजे आपल्या वाट्याच्या टेबलांवर, एक नजर टाकली की चार फेऱ्यांच्या दोन होतात. पण या सवयीचा अतिरेकही होतो. एकाचं संपलं म्हणून त्याची प्लेट झटकन उचलली की शेजारी अजून खाणाऱ्याला अवघडल्यासारखं होतं. सगळ्यांचं होईपर्यंत थांबा. काटा-सुरी जोडून ठेवणं म्हणजे झालं, हा संकेत सगळ्यांनाच माहीत नसतो, म्हणून शंका असेल तर विचारा.

वाढायचं डावीकडून, ग्लास उजवीकडून, हे शिकवतात तसं पाळा. पण भिंतीला लागलेल्या टेबलावर ते जमणार नाही. तिथे कुणाच्या तोंडासमोरून हात जाणार नाही एवढं बघितलं तरी पुरे.

‘सगळं ठीक ना?’ चुकीच्या वेळी

हा प्रश्न दोन-तीन घास झाल्यावर विचारायचा असतो. तोंडात घास असताना किंवा प्लेट संपल्यावर विचारून उपयोग नाही. आणि उत्तरापेक्षा प्लेटकडे बघा: ‘ठीक आहे’ म्हणत बाजूला सारलेला पदार्थ खरं सांगत असतो.

तक्रार आली तर ‘किचनची चूक आहे’ म्हणू नका. गेस्टसाठी किचन आणि तुम्ही एकच. प्लेट उचला, पुन्हा करून आणू की दुसरं काही, ते विचारा, किती मिनिटं लागतील ते सांगा आणि कॅप्टनच्या, म्हणजे वेटरांच्या प्रमुखाच्या, कानावर घाला.

बिल

जेवण छान झालेला माणूस बिलासाठी दहा मिनिटं बसला की तेवढंच लक्षात ठेवतो. बिल टेबलावर ठेवण्याआधी टेबल नंबर तपासा. वेगवेगळी बिलं हवीत का, ते ऑर्डर घेतानाच विचारून घ्या. पैसे कोण देणार हे कपड्यांवरून ठरवू नका, फोल्डर मधोमध ठेवा.

तरीही कोसळलंच तर

वीस सेकंद जागेवर थांबा आणि क्रम लावा. पासवरचं गरम अन्न आधी. मग नव्या टेबलाला पाणी आणि दोन शब्द, मग बिलं, मग ऑर्डरी. उष्ट्या प्लेटा सगळ्यात शेवटी. मदत मागताना ‘जरा बघ ना माझ्याकडे’ म्हटलंत तर कुणीच हलत नाही. ‘सात नंबरला पाणी दे’ म्हणा.