फ्लेक्सवर ‘राजद्रोहाबद्दल फाशी’ छापण्याआधी

१९ एप्रिल जवळ आला की ठाण्यात कारागृहाच्या रस्त्याला फ्लेक्स लागतात, शाळांत तक्ते रंगतात. त्यांतल्या बऱ्याच ठिकाणी एकच वाक्य असतं : ‘इंग्रजांनी राजद्रोहाच्या गुन्ह्याखाली फाशी दिली.’ तारीख बरोबर, जागा बरोबर, गुन्हा चूक. अनंत लक्ष्मण कान्हेरे, कृष्णाजी गोपाळ कर्वे आणि विनायक नारायण देशपांडे यांना १९१० साली ठाण्याच्या तुरुंगात फाशी दिलं ते नाशिकचा कलेक्टर जॅक्सन याच्या खुनाच्या खटल्यात. आणि दंड संहितेतल्या राजद्रोहाच्या कलमाला फाशीची शिक्षा कधी नव्हतीच.

माझी सगळी नोकरी ठाण्याच्या कोर्टात, रेकॉर्ड रूमला गेली. बस्ते बांधणं, सोडणं, नकलेच्या अर्जावर कागद काढून देणं. आता ऐरोलीला मुलाकडे असते. मंडळाची, शाळेची मुलं ‘काकू, एवढा मजकूर बघा ना’ म्हणून व्हॉट्सॲपवर पाठवतात, तेही फ्लेक्स छापायला जायच्या आदल्या रात्री. म्हणून कसं तपासायचं ते एकदाच लिहून टाकते.

आधी साल बघा. १ जानेवारी १८६२ ही रेघ डोक्यात पक्की ठेवा, कारण त्या दिवशी भारतीय दंड संहिता लागू झाली. त्याच्या आधीच्या खटल्याला कुणी ‘कलम १२१’ लावून दिलं असेल तर तो आकडा मागाहून चिकटवलेला आहे, खुशाल खोडा. आपल्या ठाण्याच्याच तुरुंगात २ मे १८४८ ला फाशी गेलेले राघोजी भांगरे या आधीच्या काळातले. तेव्हा मुंबई इलाख्यात १८२७ चं चौदावं रेग्युलेशन, म्हणजे तेव्हाचा फौजदारी कायदा, चालायचा. पुढे १८५७ चा उठाव झाल्यावर घाईघाईने अकरावा कायदा आला आणि सरकारविरुद्ध बंड करणं, युद्ध पुकारणं याला फाशी ठरली. तात्या टोपे यांच्यावर एप्रिल १८५९ मध्ये शिप्रीला (आजचं शिवपुरी) लष्करी कोर्ट बसलं, आरोप बंडाचा आणि युद्धाचा, आणि १८ तारखेला फाशी झालीसुद्धा. तेव्हा तात्यांच्या तक्त्यावर ‘सरकारविरुद्ध युद्ध पुकारल्याबद्दल’ लिहा, चालेल. कलम लिहू नका.

साल १८६२ च्या नंतरचं असेल तर कलम शोधायचं. चार आकडे पाठ केलेत तरी बहुतेक काम भागतं.

१२१ म्हणजे सरकारविरुद्ध युद्ध पुकारणं, तसा प्रयत्न करणं किंवा त्याला चिथावणी देणं. शिक्षा फाशी किंवा जन्मठेप काळं पाणी, आणि १९२१ पर्यंत वर मालमत्तेची जप्ती. १२१अ म्हणजे त्याचा कट. हे कलम १८७० मध्ये घातलं, याला फाशी नाही. १२४अ म्हणजे राजद्रोह, सरकारबद्दल अप्रीती पसरवणं. हेही १८७० चंच. खरं तर १८३७ च्या मसुद्यात ते होतं, पण संहिता झाली तेव्हा गळालं आणि दहा वर्षांनी परत आलं. यालाही फाशी नाही. टिळकांना याच कलमाखाली १८९७ मध्ये अठरा महिने आणि १९०८ मध्ये सहा वर्षं झाली. चौथं ३०२, खून. याला फाशी किंवा जन्मठेप.

आता या चौकटीत आपली ओळखीची नावं बसवून बघा. दामोदर, बाळकृष्ण आणि वासुदेव चापेकर, त्यांच्याबरोबर महादेव रानडे : खून. कान्हेरे, कर्वे, देशपांडे : खून आणि खुनाला साहाय्य. सोलापूरचे चौघे, म्हणजे मल्लाप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे आणि कुर्बान हुसेन, ज्यांना १२ जानेवारी १९३१ ला येरवड्याला फाशी झाली : पोलिसांच्या खुनाचा आरोप. उलट ज्यांच्यावर राज्य उलथवल्याचा ठपका होता ते अनेकदा फासावर गेलेच नाहीत. पनवेलजवळच्या शिरढोणचे वासुदेव बळवंत फडके घ्या. १८७९ मध्ये पकडले गेले, पुण्यात खटला चालला, जन्मठेप झाली, एडनला पाठवले आणि १८८३ मध्ये तिथेच वारले. नवी मुंबईतल्या एका शाळेच्या तक्त्यावर मी त्यांच्या नावाखाली फासाचा दोर काढलेला पाहिला आहे. चित्र सुरेख होतं, पण ते उतरवायला लावलं.

असं का, हा प्रश्न मुलं विचारतातच. माझं मत सांगते. खून सिद्ध करायला प्रेत, पिस्तूल आणि पाहणारे साक्षीदार पुरतात. युद्ध सिद्ध करायचं तर समोरचा माणूस आपल्याशी युद्ध करतो आहे हे सरकारला स्वतःच्या तोंडाने कबूल करावं लागतं. खुनी म्हटलं की विषय मिटला. ज्या सरकारला आपल्या राज्यात सगळं आलबेल आहे असं दाखवायचं असतं, ते ३०२ वर काम भागत असताना १२१ ला कशाला हात घालेल?

पण घातला तेव्हा काय झालं तेही बघण्यासारखं आहे. भगतसिंग, राजगुरू आणि सुखदेव यांना विशेष न्यायाधिकरणाने ७ ऑक्टोबर १९३० ला फाशी सुनावली, ती ३०२ आणि १२१ या दोन्ही कलमांखाली, शिवाय स्फोटकांच्या कायद्याची कलमं. मग फाशीच्या दोन-तीन दिवस आधी या तिघांनी पंजाबच्या गव्हर्नरला पत्र लिहिलं : आम्ही युद्ध केलं असं तुमचंच कोर्ट म्हणतं, तर आम्ही युद्धकैदी ठरतो, मग आम्हाला फासावर न देता गोळ्या घाला. कलमाचा आकडा सरकारच्याच अंगावर उलटवला! या तिघांच्या फ्लेक्सवर म्हणून दोन्ही लिहा, ‘पोलीस अधिकारी साँडर्सचा खून आणि सरकारविरुद्ध युद्ध’. एकच लिहाल तर त्या पत्रातला मुद्दाच हरवेल.

आणि निव्वळ युद्धाच्या आरोपावरून फासावर गेलेला मराठी माणूस दाखवायचा असेल तर विष्णू गणेश पिंगळे आहेत, तळेगाव ढमढेऱ्याचे. परदेशातल्या हिंदी लोकांनी काढलेल्या गदर पक्षाचे, मेरठच्या छावणीत पकडले गेले. लाहोरला चाललेल्या गदरच्या खटल्यात २४ जणांना फाशी सुनावली होती, व्हाइसरॉयने १७ जणांची जन्मठेपेत बदलली आणि उरलेल्या सातांना १६ नोव्हेंबर १९१५ ला फाशी दिलं. कर्तारसिंग सराभा आणि पिंगळे त्या सातांत. ठाण्यात त्यांचा फ्लेक्स मी तरी पाहिलेला नाही.

कलम १२१ म्हणजे हातात बंदूकच हवी असंही समजू नका. बाबाराव सावरकरांना जून १९०९ मध्ये याच कलमाखाली जन्मठेप काळं पाणी झालं, आणि त्यांनी काय केलं होतं, तर कविता छापल्या होत्या. युद्धाला चिथावणी, असं नाशिकच्या सेशन्स कोर्टाने धरलं आणि हायकोर्टाने ते कायम केलं.

कलम मिळालं की कोर्ट कोणतं ते बघा, कारण त्यावर पुढचं सगळं अवलंबून आहे. सेशन्स कोर्टाने दिलेली फाशी हायकोर्टाने कायम केल्याशिवाय अमलात येत नाही. हा नियम तेव्हाही होता, आजही आहे. ‘फाशी सुनावली’ एवढ्यावर थांबलात तर फसाल. कलकत्त्याच्या अलीपूर बॉम्ब खटल्यात बारींद्र घोष आणि उल्हासकर दत्त यांना मे १९०९ मध्ये फाशी सुनावली होती, हायकोर्टात ती टिकली नाही, दोघं अंदमानला गेले आणि सुटूनही आले. विशेष न्यायाधिकरण असेल तर मात्र हा हायकोर्टाचा उंबरठाच काढून टाकलेला असतो. लाहोरच्या दोन्ही खटल्यांत, १९१५ च्या पिंगळ्यांच्या आणि १९३० च्या भगतसिंगांच्या, तेच झालं. लष्करी कोर्टाचं आणखी निराळं, तिथे सेनाधिकारी शिक्षा कायम करतो. आझाद हिंद सेनेच्या शाहनवाज खान, सहगल आणि धिल्लन यांना लाल किल्ल्यातल्या खटल्यात १२१ खाली दोषी धरून जन्मठेप दिली होती. लोकांचा उद्रेक बघून जानेवारी १९४६ मध्ये सरसेनापतीने ती माफ केली. थोडक्यात, तक्त्यावर दोन तारखा लागतात, शिक्षेची आणि अंमलबजावणीची, आणि मधल्या काळात काय झालं त्याची एक ओळ.

खटल्याच्या नावावर विसंबू नका. ‘नाशिक कट’ म्हणून लोक सगळ्यांना एका फोटोत बसवतात. जॅक्सनला गोळ्या घातल्या २१ डिसेंबर १९०९ ला, आणि कान्हेरे फासावर गेले पुढच्या एप्रिलमध्ये. विनायक दामोदर सावरकरांना मार्च १९१० मध्ये लंडनला अटक झाली आणि जुलैत मुंबईला आणलं, म्हणजे तोवर ठाण्यातली फाशी होऊन गेली होती. सावरकरांना पहिली जन्मठेप डिसेंबर १९१० मध्ये कटाबद्दल झाली. दुसरी जानेवारी १९११ मध्ये, जॅक्सनच्या खुनाला साहाय्य केल्याबद्दल. अंदमानला नेण्याआधी त्यांना ठाण्याच्या तुरुंगात ठेवलं होतं हे खरं, पण ‘कान्हेरे आणि सावरकर ठाण्यात एकत्र’ असं जे कुणी लिहितं त्याने तारखा शेजारी ठेवून पाहिलेल्या नाहीत.

हे सगळं कुठे शोधायचं? फोनवरून सुरुवात करायला हरकत नाही, शेवट तिथे करू नका. स्टेशनजवळच्या मराठी ग्रंथसंग्रहालयात जा. १८९३ पासूनची संस्था आहे. ग्रंथपालांना नुसतं ‘क्रांतिकारकांवर काहीतरी द्या’ म्हणू नका. नाव, साल आणि गाव सांगा. ठाणे जिल्ह्याचं जुनं गॅझेटियर १८८२ चं आहे, तेव्हा भांगऱ्यांसाठी बघायचं, कान्हेऱ्यांसाठी नाही. हायकोर्टाचे निकाल कायद्याच्या अहवालांत छापलेले असतात. ‘इंडियन लॉ रिपोर्ट्स, २२ मुंबई, ११२’ असं दिसलं की खंड २२, पान ११२. टिळकांचा १८९७ चा निकाल तिथे आहे. खटल्याच्या नावावरूनही काळ कळतो : ‘क्वीन एम्प्रेस विरुद्ध’ असेल तर १८७७ ते १९०१, नुसतं ‘एम्परर विरुद्ध’ असेल तर त्यानंतरचा. सरकारी फाइली हव्या असतील तर मुंबईला काळा घोड्याजवळ एल्फिन्स्टन कॉलेजच्या इमारतीत राज्याचं पुराभिलेखागार आहे. ओळखपत्र आणि कशासाठी हवंय त्याचा अर्ज बरोबर न्या, आणि त्याच दिवशी फाइल हातात पडेल ही आशा सोडून निघा.

निकालपत्र हातात आलं की शेवटून वाचा. आम्ही रेकॉर्डवाले असंच वाचतो. शेवटच्या परिच्छेदात हुकूम असतो : कुठलं कलम, कुणाला, किती. मग उलटं मागे जाऊन चार्ज काय ठेवला होता ते बघा, कारण पुष्कळदा चार्ज चार कलमांचा असतो आणि दोषी एकाच कलमाखाली ठरलेला असतो. फ्लेक्सवर हुकुमातलं कलम जातं, चार्जमधलं नाही.

१ जुलै २०२४ पासून आकडे बदललेत. भारतीय न्याय संहितेत १२१ चं १४७ झालं, ३०२ चं १०३. १२४अ त्या नावाने राहिलं नाही, त्याच्या जवळपासचं कलम १५२ आहे, त्यालाही जन्मठेपेच्या वर शिक्षा नाही. पण म्हणून जुन्या खटल्याला नवा आकडा लावू नका. परवा एका मुलाने कान्हेऱ्यांना ‘कलम १०३’ लावून पाठवलं होतं.

‘देशद्रोह’ हा शब्द शक्यतो टाळाच. १२१ ची सुरुवात ‘जो कोणी’ अशी आहे, त्यात आरोपी आपल्या देशाचा असायला हवा अशी अट नाही. म्हणूनच पाकिस्तानी अजमल कसाब त्याखाली दोषी ठरू शकला. सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्ये त्याची फाशी कायम केली. इंग्लंडात उलट. तिथे निष्ठा आधी सिद्ध व्हावी लागते. जर्मन रेडिओवरून बोलणारा विल्यम जॉइस जन्माने अमेरिकन, पण ब्रिटिश पासपोर्ट काढलेला होता म्हणून जानेवारी १९४६ मध्ये फासावर गेला. त्याच इंग्रजांनी स्वतःच्या देशात अशा आरोपाला दोन साक्षीदार हवेत असा नियम १६९५ मध्ये केला होता. इथे आपल्याला मात्र १८७२ च्या पुरावा कायद्यात ‘साक्षीदारांची अमुकच संख्या लागत नाही’ असं लिहून दिलं. असो.

मजकूर असा करा : ‘अनंत कान्हेरे. नाशिकचा कलेक्टर जॅक्सन याच्या वधाबद्दल मुंबई हायकोर्टाने फाशीची शिक्षा दिली. अंमलबजावणी : ठाणे तुरुंग, १९ एप्रिल १९१०.’ वध लिहा की खून, ते तुमच्या मंडळाने ठरवावं. कोर्टाच्या कागदावर खूनच आहे. ‘हुतात्मा’ वर मोठ्या अक्षरात घ्या, त्याला कलम आड येत नाही.

फोटोचं तेवढं बघा. १८४८ चा माणूस आणि रंगीत, कोट-फेट्यातला झकास फोटो असेल, तर ते चित्रकाराचं काम आहे. वापरा, पण खाली ‘कल्पनाचित्र’ छापा, आणि प्रूफ मला आदल्या रात्री नाही, आदल्या आठवड्यात पाठवा.