डिरेक्टर व्हायचंय? आधी जेवणाचा सीन लावून बघा

दर मे महिन्यात मी नागपूरला आले की महाल भागातल्या आमच्या घरी दोन-चार मुलं हमखास येतात. "ताई, डिरेक्टर व्हायचंय, मुंबईला कधी जाऊ?" सतरा वर्षं मी मराठी मालिका करते आहे. आधी असिस्टंट, मग असोसिएट, आता एपिसोड डिरेक्टर. त्या मुलांना जे सांगते तेच इथे लिहिते.

तिकीट नंतर काढा. आधी घरातल्या तिघांना जेवायला बसवा आणि तो सीन फोनवर शूट करा.

कूलर बंद करा. त्याची घरघर आपल्या कानांच्या इतकी सवयीची असते की जाणवत नाही, रेकॉर्डिंगमध्ये मात्र ती संवाद खाऊन टाकते. बंद केला की पाच मिनिटांत कपाळावर घाम येतो, म्हणून तालीम कूलर लावून करायची आणि प्रत्यक्ष शूटपुरताच, म्हणजे टेकपुरताच तो बंद ठेवायचा. बाहेरचा सीन असेल तर सकाळी नऊच्या आत उरका. दुपारच्या उन्हात डोळ्यांच्या खोबणी काळ्या दिसतात आणि डोळेच दिसले नाहीत तर अभिनय दिसणार कुठे?

आधी पूर्ण सीनचा मास्टर घ्या, म्हणजे सगळे दिसतील असा सलग शॉट. मग बोलणाऱ्या दोघांमध्ये मनातल्या मनात रेघ ओढा आणि कॅमेरा तिच्या एकाच बाजूला ठेवा. रेघ ओलांडली की एडिटवर दोघंही एकाच दिशेला बघताना दिसतात, समोरासमोर बसलेत असं वाटतच नाही. एका बाजूचे सगळे क्लोज, म्हणजे चेहऱ्याचे जवळचे शॉट, संपवूनच लाइट फिरवा. संवादांच्या क्रमाने शूट करायला गेलात तर दर वाक्याला लाइट हलवावे लागतील. अर्ध्या तासाच्या एपिसोडला बावीसेक मिनिटांचं फुटेज लागतं आणि शिफ्ट असते बारा तासांची. सेटवर वेळ जातो तो लाइट बदलण्यात.

आता कंटिन्युइटी, म्हणजे एका शॉटमधलं सगळं पुढच्या शॉटशी जुळवणं. तुमची सुरुवात बहुतेक इथूनच होईल. पोळीचा तुकडा कोणत्या शब्दावर तोडला, ग्लासात पाणी किती होतं, सगळं लिहून ठेवायचं. माझ्या पहिल्याच वर्षी एका सीनच्या मास्टरमध्ये मंगळसूत्र पदरावर होतं आणि क्लोजमध्ये पदराआड गेलं. माझ्या लक्षात आलं नाही. एडिटवर कळलं तोवर सेट मोडला होता. तो क्लोज काढावा लागला, आणि त्या अभिनेत्रीने सीनमधलं सगळ्यात सुंदर काम नेमकं त्याच क्लोजमध्ये केलं होतं. तिला सांगायची माझी हिंमत झाली नाही. तेव्हापासून फोटो तर काढतेच, पण वहीतही लिहिते. लिहिताना नजर एकेका वस्तूवर थांबते.

एडिटिंग शिकाच. राजकुमार हिरानी नागपूरचेच. पुण्याच्या एफटीआयआय या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये ते एडिटिंग शिकले, एडिटर म्हणून काम केलं आणि दिग्दर्शक म्हणून त्यांचा पहिला सिनेमा आला २००३ साली. आणि जमलं तर झाडीपट्टीचा, म्हणजे आपल्या पूर्व विदर्भातल्या नाटकांचा, एक सीझन बॅकस्टेजला करा. दिवाळीनंतर गडचिरोली जिल्ह्यातल्या वडशाच्या नाटक कंपन्या गावोगाव निघतात, नाटक रात्रभर चालतं. पहाटे तीनला झोपेला आलेल्या प्रेक्षकांना नट कसा जागा करतो, हे जवळून बघायला मिळतं. राज्य नाट्य स्पर्धेतही कोणाच्या तरी हाताखाली उभे राहा.

पैशाचं आईवडिलांनाही सांगून ठेवा. मालिकेत मानधन साधारण ९० दिवसांनी हातात येतं. निघताना चार महिन्यांचं भाडं आणि जेवणखर्च जवळ हवाच. एका निर्मात्याकडे माझे पैसे आठ महिने अडकले होते, कारण रोजचा दर फक्त तोंडी ठरला होता. दर, दिवस आणि पैसे कधी मिळणार हे काम सुरू होण्याआधी निदान मेसेजवर तरी लिहून घ्या.

तर तो जेवणाचा सीन तीन मिनिटांचा करून, एडिट करून आणा. मी आधी आवाज बंद ठेवून बघते. कोण कोणावर चिडलंय आणि कोण गप्प का बसलंय, हे तेवढ्यात कळलं पाहिजे. मग आवाज लावू. पाऊस लागेपर्यंत मी इथेच आहे.