बँडचा दुसरा अल्बम गावातच कसा रेकॉर्ड करायचा, कापसाच्या खोलीसकट सगळं सांगतो

पहिला अल्बम आम्ही शहरातल्या एका स्टुडिओत केला होता, तासाच्या भाड्यानं, दोन दिवसात नऊ गाणी, अन् आज ऐकलं तरी कळते की चौघंही घड्याळाकडे पाहून वाजवून राहिले आहेत. दुसरा गावातच केला. यवतमाळ जिल्ह्यात दारव्ह्याकडे आमचं गाव आहे, घरचीच खोली, घरचंच शेड, अन् पाच आठवडे. तुमचा पॉप-पंक (जोरकस, वेगवान गिटारवर सोप्या चालीची गाणी) बँड असेल अन् दुसऱ्या अल्बमसाठी पैसे कुठून आणायचे म्हणून अडकून बसले असाल तं हे पूर्ण वाचा.

अमेरिकेतल्या ब्लिंक-१८२ या पॉप-पंक बँडचंच पाहा ना. त्यांचा पहिला अल्बम 'चेशायर कॅट' तीन दिवसात रेकॉर्ड झाला होता. दुसरा 'ड्यूड रँच', १९९७ चा, मार्क ट्रॉम्बिनो प्रोड्यूसर, त्याला महिन्याच्या वर वेळ गेला. दोन्ही लागोपाठ ऐका, हेडफोन लावून. पोरं तीच, ड्रमरही तोच, पण दुसऱ्यात गिटार दोन्ही कानात भरून येते अन् प्रत्येक कोरस वेगळा ध्यानात राहते. हा फरक दिवसांचा आहे. स्टुडिओचे पाच आठवडे आपल्याला परवडत नाहीत, घरचे परवडतात.

आता कधी करायचं. संक्रांत ते होळी, दुसरा टाइम नाही. त्याच्या आधी वेचणी असते, कोणीच मोकळा नसते, अन् मार्च संपला की टिनाखाली बसणं होत नाही, पंखा लावला तं माइकमध्ये येते अन् नाही लावला तं लॅपटॉप गरम होऊन अडकते, गिटारही दर दहा मिनिटाला सुरातून उतरते. पावसाळ्याचं तं नावच नका घेऊ, टिनावर सर आली की झालं.

लाइनचं, म्हणजे शेतीच्या विजेचं, वेळापत्रक पाहून आठवडे ठरवा, हे फार महत्त्वाचं आहे. आमच्याकडे शेताची लाइन एक आठवडा दिवसाची अन् एक आठवडा रातची असते. रातची असली की आमचा बासवाला ओलिताला जाते अन् दिवसा झोपते, त्या आठवड्यात काहीच होत नाही. दिवसाची लाइन असली की ओलित संध्याकाळी संपते अन् रातचे ९ ते १ आपले. रातच्याला गिरणी बंद, ट्रॅक्टर बंद, फक्त कुत्रे.

गाणी आधी बसवा. म्हणजे खरोखर पूर्ण बसवा, माइक लावल्यावर कोरस शोधायचा नाही. आमच्याकडे १९ गाणी होती, त्यातली १२ घेतली. प्रत्येक गाणं मोबाइलवर साधं रेकॉर्ड करायचं, दुसऱ्या दिवशी ऐकायचं, अन् जिथे आपलंच मन दुसरीकडे गेलं तिथे कापायचं. पॉप-पंकचं गाणं अडीच-पावणेतीन मिनिटात बोलून मोकळं होते, दुसऱ्या कोरसनंतर चार ओळी वेगळ्या, मग शेवटचा कोरस, बस. मेट्रोनोमवर (एकसारखी टिक-टिक देणारं यंत्र किंवा अ‍ॅप) स्पीड ठरवा अन् वहीत लिहून ठेवा, आमची बहुतेक १७० ते २०० बीपीएमची (मिनिटाला तेवढे ठोके) आहेत. रिहर्सलच्या जोशात जो स्पीड बरोबर वाटते तो रेकॉर्डिंगमध्ये घाई वाटते, आम्ही तीन गाणी ६-८ बीपीएमनं खाली आणली अन् शब्द कळू लागले.

शब्दांचं एक सांगतो. आपल्या बोलीत लिहा. 'येऊन रायलो', 'जाऊन रायलो' याचा शेवटचा 'लो' ओढता येते, उघडा स्वर आहे, कोरसला असाच स्वर पाहिजे. अन् या संगीताचा विषयच लहान गावातून निघू पाहणारी पोरं आहे, तो विषय आपल्या एसटी स्टँडवर रोज संध्याकाळी बसलेला असते, त्यासाठी कॅलिफोर्नियाचा समुद्र आणायची गरज नाही.

सामान फार लागत नाही. दोन इनपुटचा ऑडिओ इंटरफेस (माइक-गिटारचा आवाज लॅपटॉपमध्ये घेणारा डबा), दोन माइक (आमचा एक शुअर एसएम ५७ होता, सेकंडहँड, अन् एक साधा कंडेन्सर), चांगल्या लांब केबल, कान पूर्ण झाकणारे हेडफोन, अन् रीपर हे रेकॉर्डिंगचं सॉफ्टवेअर, जे ६० दिवस फुकट वापरून पाहता येते. सेटिंग २४ बिट, ४४.१ किलोहर्ट्झ. आवाज सगळ्यात जोरात असताना मीटर उणे १० डेसिबलच्या आसपास राहिला पाहिजे, लाल लागला की तो टेक (त्या वेळचं रेकॉर्डिंग) गेला, तो नंतर दुरुस्त होत नाही.

गिटारमध्ये घूं घूं येत असेल तं आधी अर्थिंग पाहा. गावातल्या बऱ्याच घरात तीन पिनचा बोर्ड असते पण तिसरी पिन कुठंच जोडलेली नसते. आम्ही वायरमन बोलावून अंगणात खड्डा केला, मीठ-कोळसा टाकून नवीन अर्थिंग घेतलं, अर्धा आवाज तिथंच गेला. उरलेला लॅपटॉपचा चार्जर काढून बॅटरीवर चालवला की जाते. तरी राहिला तं गिटारमध्ये हमबकर पिकअप (तारांखालचा दोन गुंडाळ्यांचा पिकअप) आहे का पाहा, ते ही घूं घूं मारायलाच बनवलेलं असते. एक मात्र कधीच करू नका, आवाज जाते म्हणून अँपची अर्थिंगची पिन तोडू नका, शॉक लागून जीव जाते.

ड्रम पहिले. ड्रमसेट आम्ही लग्नाच्या ऑर्केस्ट्रावाल्याकडून चार दिवस भाड्यानं आणला, स्किन नवीन टाकल्या, अन् टिनाच्या शेडमध्ये लावला. टिन खूप खणखणते, म्हणून तीन बाजूनं दोरीवर बारदाना अन् वाकळा टांगल्या. ताडपत्री नका टांगू, तिच्यावरून आवाज उलटा येते. दोनच इनपुट, म्हणून एक माइक बास ड्रमपाशी अन् एक ड्रमरच्या डोक्यावर, स्नेअरकडे (ड्रमरच्या समोरचा खणखणीत ड्रम) तोंड करून. बोटभर, चारबोटं सरकवत ऐकत राहा, आमचा पहिला पूर्ण दिवस त्यातच गेला अन् तो वाया नाही गेला. ड्रमरच्या कानात क्लिक, म्हणजे मेट्रोनोमची टिक-टिक, अन् मोबाइलवरची गिटार.

मग बास, थेट इंटरफेसमध्ये. मग गिटार. छोटा अँप चालते, माइक जाळीपासून दोन बोटं दूर अन् स्पीकरच्या कोनच्या मधोमध नाही, थोडा बाजूला. गेन (अँपवरचं खरखर वाढवणारं बटन) रिहर्सलमध्ये ठेवता त्याच्या अर्ध्यावर आणा. मग तोच पार्ट दुसऱ्यांदा पूर्ण वाजवा, एक टेक डावीकडे, एक उजवीकडे. कॉपी-पेस्ट करू नका, कॉपी केलेली गिटार मधातच राहते, हातानं दोनदा वाजवलं की जो केसाएवढा फरक पडते त्यानंच ती रुंद होते. प्रत्येक टेकच्या आधी ट्यूनर. प्रत्येक.

आता कापसाची खोली. संक्रांतीनंतर भावाची वाट पाहत कापूस घरातच पडून असते, आमच्याकडे पुढची खोली छातीपर्यंत भरली होती. मी सहज आत जाऊन टाळी वाजवली. बाहेरच्या खोलीत टाळी भिंतीवरून वाजत परत येत होती, इथं नुसती हाताची टाळी, मागं काहीच नाही, स्वतःचा श्वास ऐकू आला. अशी खोली करायला लोक पैसे मोजतात. बाबांनी एकच अट घातली, "आतमंदी फक्त माइक अन् माणूस जाईन, बोर्ड नाही, चार्जर नाही, अन् बिडीवाला तं दारातही नाही." ती अट तुम्हीही पाळा, कापसाला ठिणगी पुरते. लॅपटॉप बाहेर, केबल खिडकीतून, अन् आत एसएम ५७ सारखा डायनॅमिक माइक, त्याला कंडेन्सरसारखे इंटरफेसमधून ४८ व्होल्ट लागत नाहीत, ते बटन बंद ठेवा.

घरच्या कापसानं अंगाला खाज सुटते, म्हणून पूर्ण बाह्यांचा शर्ट घाला. ढिगावर आईची जुनी सुती साडी पसरवली, पातळ कपड्यातून आवाज आरपार जाते अन् रुई घशात येत नाही. गाणाऱ्याचं तोंड ढिगाकडे, माइक मधात, तोंडापासून वीतभर.

गळ्याला जपा. 'ड्यूड रँच'मधलं 'डॅमिट' हे गाणं ब्लिंकच्या मार्क हॉपसनं स्वतःच्या पट्टीच्या वर गायलं, ती खरखर आपल्याला आवडते पण त्याचा गळा ताणला गेला. म्हणून गिटार रेकॉर्ड करायच्या आधीच पट्टी पक्की करा, गिटार झाल्यावर पट्टी बदलली तं सगळं पुन्हा वाजवावं लागते. आमच्या गायकासाठी चार गाणी एक सूर खाली घेतली. रोज दोनच गाणी, अवघड कोरस शेवटी, थंड पाणी नाही. कोरसमध्ये चौघांनी मिळून ओरडायचं असेल तं ते शेडमध्ये करा, कापसात ते मेलेलं वाटते.

मिक्स करताना हेडफोनवर भरवसा ठेवू नका. आम्ही पेनड्राइव्हवर घेऊन ट्रॅक्टरच्या टेपवर वाजवलं, इंजिन चालू ठेवून. शब्द ऐकू आले तं बरोबर. तीन गाण्यात आवाज गिटारखाली दबला होता, तो तिथंच कळला.

रिलीजच्या तारखेच्या तीन-चार आठवडे आधी डिस्ट्रिब्युटरकडे (गाणी ऑनलाइन अ‍ॅपवर टाकणारी कंपनी) फाइल द्या, आयएसआरसी नंबर (प्रत्येक रेकॉर्डिंगचा ओळख क्रमांक) तेच देतात, अन् कोणी काय लिहिलं, कोणाचा किती हिस्सा, हे कागदावर लिहून चौघांच्या सह्या घ्या, दोस्ती असली तरी. फाइल वेव्ह पाहिजे, १६ बिटची एका मिनिटाला साधारण १० एमबी होते, आमचा अल्बम ३२ मिनिटांचा, म्हणजे ३२० एमबी. गावात रेंज फक्त पाण्याच्या टाकीपाशी येते, तीही पहाटे बरी असते. मी ४ वाजता टाकीच्या पायरीवर लॅपटॉप घेऊन बसलो, बारावं गाणं चढलं तेव्हा पहिली एसटी येऊन गेली होती.