वयस्कर रुग्णाचा एएमएल: घरच्या दिवसांत ताप कसा सांभाळावा

अ‍ॅक्यूट मायलॉइड ल्युकेमिया, म्हणजे एएमएल, हा रक्ताचा कर्करोग वाढत्या वयात जास्त आढळतो. पंचाहत्तरी ओलांडलेल्यांना किंवा हृदय, मूत्रपिंड कमजोर असलेल्यांना जोरदार केमो झेपत नाही. त्यांना सहसा अझासिटिडीनची इंजेक्शने आणि व्हेनेटोक्लॅक्सच्या गोळ्या देतात. 28 दिवसांच्या चक्रात सात दिवस इंजेक्शने असतात. सुरुवातीची देखरेख संपली की बाकीचा बराच काळ रुग्ण घरीच असतो. या काळात सर्वांत जास्त भीती जंतुसंसर्गाची.

सीबीसीचा, म्हणजे रक्तपेशींच्या मोजणीचा, रिपोर्ट आला की आधी एएनसी काढा. एएनसी म्हणजे न्यूट्रोफिल या जंतूंशी लढणाऱ्या पांढऱ्या पेशींची संख्या. एकूण पांढऱ्या पेशी 1,200 आणि न्यूट्रोफिल 30 टक्के असतील तर एएनसी 360. आकडा 500 च्या खाली गेला की शरीराची राखण जवळजवळ उठलेली असते. मशीन कधीकधी कॅन्सरच्या पेशींनाच मोनोसाइट किंवा लिम्फोसाइट या साध्या पांढऱ्या पेशी समजून मोजते, म्हणून रक्ताची स्लाइड पॅथॉलॉजिस्टने स्वतः पाहावी असे लॅबला सांगून ठेवा.

डिजिटल थर्मामीटर रुग्णाच्या उशाशी हवा. सकाळ-संध्याकाळ आणि अंग कसनुसे वाटले की लगेच ताप मोजा. तोंडात मोजणे चांगले, पण गरम चहानंतर वीस मिनिटे थांबा. तोंड आले असेल तर काखेत मोजा. तिथला आकडा थोडा कमी येतो हे लक्षात असू द्या. गुदद्वारात थर्मामीटर, एनिमा किंवा सपोझिटरी नको, नाजूक त्वचा फाटली की जंतू थेट रक्तात जातात.

एकदाच 101 फॅरनहाइट किंवा तासभर 100.4 राहिला, तर रात्रीचे दोन वाजले असले तरी हॉस्पिटलला निघा. आधी पॅरासिटामॉल देऊ नका. ताप उतरलेला दिसतो, घरचे सकाळची वाट बघतात आणि तोवर बीपी कोसळतो. वयस्कर माणसांत तर ताप न येताही संसर्ग बळावतो. आजोबा अचानक असंबद्ध बोलू लागले, तोल जाऊन पडले, थंडी वाजून कापू लागले, जेवायला उठेनात, तर ‘वयामुळे होतंय’ म्हणून सोडू नका. हेही तापाइतकेच गंभीर धरा.

फाइलच्या पहिल्याच पानावर आजाराचे नाव, शेवटच्या इंजेक्शनची तारीख, ताजा सीबीसी, चालू औषधे, कोणत्या औषधाची अ‍ॅलर्जी आहे ते आणि डॉक्टरांचा नंबर लिहून ठेवा. कॅज्युअल्टीत शिरताच सांगा: ‘ब्लड कॅन्सरचे पेशंट आहेत, केमो चालू आहे, पेशी कमी आहेत, ताप आलाय.’ ब्लड कल्चर, म्हणजे रक्तात जंतू आहेत का ते पाहण्याची तपासणी, घेऊन अँटिबायोटिकचा पहिला डोस तासाभरात शिरेतून जायला हवा. कल्चरच्या रिपोर्टसाठी थांबायचे नसते.

व्हेनेटोक्लॅक्स रोज ठरावीक वेळी, जेवणासोबत, गोळी न मोडता द्यायची. पहिले तीन दिवस साधारणपणे 100, 200, 400 मिलिग्रॅम असा डोस चढवतात, कारण कॅन्सरच्या पेशी एकदम फुटल्या तर पोटॅशियम आणि युरिक अ‍ॅसिड वाढून मूत्रपिंडावर ताण येतो. बुरशीरोधक पोसाकोनाझोल सोबत असेल तर डोस 100 किंवा त्याहूनही कमी केलेला असतो. तो चुकून कमी लिहिला असे समजून वाढवू नका. गोळी चुकली आणि आठ तासांच्या आत आठवली तर द्या, नाहीतर त्या दिवशी सोडून द्या. उलटी झाली तरी दुसरी देऊ नका. ग्रेपफ्रूट, पपनस आणि करमळ (स्टारफ्रूट) बंद. बीपीसाठी डिल्टियाझेम किंवा व्हेरापामिल चालू असेल, किंवा फॅमिली डॉक्टरांनी खोकल्यासाठी क्लॅरिथ्रोमायसिन लिहिले असेल, तर आधी रक्तविकारतज्ज्ञांना विचारा. यांनी व्हेनेटोक्लॅक्स रक्तात साचते. गुळवेलीचा काढाही नको. गुळवेलीमुळे यकृताला इजा झालेले रुग्ण मुंबईच्या डॉक्टरांनी 2021 मध्ये नोंदवले आहेत.

अंगदुखीला कॉम्बिफ्लाम देऊ नका. त्यात आयब्युप्रोफेन असते आणि प्लेटलेट, म्हणजे रक्त गोठवणाऱ्या पेशी, कमी असताना त्याने रक्तस्राव वाढतो. हृदयासाठीची अ‍ॅस्पिरिन चालू ठेवायची की थांबवायची, ते डॉक्टरांकडून ठरवून घ्या. प्लेटलेट 10,000 च्या खाली गेल्या की रक्तस्राव नसला तरी त्या सहसा चढवतात. काळी शौच, न थांबणारा घोळणा किंवा अचानक तीव्र डोकेदुखी असेल तर रिपोर्टची वाट पाहू नका.

उलटी थांबवणाऱ्या ऑन्डान्सेट्रॉनने बद्धकोष्ठता होते, हे बरेचदा कोणी सांगत नाही. कुंथण्याने मूळव्याध फुटते आणि तिथूनच संसर्ग शिरतो. म्हणून पहिल्या दिवसापासून शौच मऊ करणारे लॅक्टुलोज सुरू करायचे का ते विचारा.

जेवण ताजे, गरम आणि नीट शिजलेले असावे. कच्ची मोड आलेली कडधान्ये आणि गाडीवरचा रस टाळा. कुंड्यांची माती रुग्णाने उकरू नये. बाल्कनीत कबुतरे बसत असतील तर जाळी लावून घ्या, आणि विष्ठा दुसऱ्याने पाणी मारून, ओली करून काढावी. घरात तोडफोड, रंगकाम आता काढू नका, त्या धुळीतून बुरशी फुफ्फुसात जाते.

पहिल्या चक्राच्या अखेरीस बोन मॅरो, म्हणजे हाडातला मगज, पुन्हा तपासतात. मॅरोत कॅन्सर उरला नसूनही रक्तातल्या पेशी वर येत नसतील तर डॉक्टर पुढचे चक्र लांबवतात किंवा गोळ्यांचे दिवस कमी करतात. गोळ्या बंद असताना उरलेल्या डब्यातल्या स्वतःहून सुरू करू नका.