‘लुक बॅक इन अँगर’ वाचताय किंवा बसवताय? या चुका टाळा

आमच्या हौशी मंडळाने काही वर्षांपूर्वी या नाटकाच्या पहिल्या अंकाचं अभिवाचन ठेवलं होतं. नायक जिमी पोर्टर वाचणारा मुलगा चांगला होता, आवाज खणखणीत. पाचव्या मिनिटाला तो टिपेला पोचला आणि तिथेच राहिला. विसाव्या मिनिटाला पहिल्या रांगेतल्या एक काकू पर्समध्ये काहीतरी शोधू लागल्या. चूक त्या मुलाची नव्हती. तालमीत मीच त्याला म्हटलं होतं, “अँग्री यंग मॅन आहे रे, बच्चन आठव.”

जॉन ओसबॉर्नच्या या नाटकाच्या बाबतीत बहुतेक घोटाळे असेच होतात. नाटकाच्या आधी त्याची बिरुदं आपल्यापर्यंत पोचतात. अँग्री यंग मॅन, किचन सिंक, इंग्रजी रंगभूमीवरची १९५६ची क्रांती. मग संहिता बाजूला राहते आणि आपण बिरुदंच बसवत सुटतो. एम.ए.च्या पेपरात मीही ती तिन्ही ओळीने उतरवली होती आणि मार्कही मिळाले होते, तो भाग वेगळा.

जिमीला सतत ओरडायला लावणं

‘अँग्री यंग मॅन’ हा शिक्का ओसबॉर्नने मारलेला नाही. लंडनच्या रॉयल कोर्ट थिएटरचं प्रसिद्धीचं काम बघणारे जॉर्ज फिअरन यांना नाटक मुळीच आवडलं नव्हतं. ओसबॉर्नशी बोलताना त्यांच्या तोंडून ते शब्द गेले, वर्तमानपत्रांनी उचलले आणि लेखकासकट एक अख्खी पिढी त्या शिक्क्याखाली गेली.

रंगसूचनेतला जिमी वेगळाच आहे. प्रामाणिकपणा आणि हसतखेळत केलेला खुनशीपणा, हळवेपणा आणि बेफाम क्रौर्य यांची अस्वस्थ करणारी मिसळ, असं त्याचं वर्णन आहे. शिवाय तो विनोदी आहे. घरातच राहणारा मित्र क्लिफ, त्याच्याबरोबर तो म्युझिक हॉलच्या जोडगोळीसारखे नंबर करतो, नकला करतो, ट्रम्पेट वाजवतो. म्युझिक हॉल म्हणजे गाणी, नकला, फटकेबाजी असलेला इंग्लंडमधला लोकप्रिय खेळ. ओसबॉर्नचा त्यावर जीव होता. पुढच्याच वर्षी त्याने ‘दि एंटरटेनर’ लिहिलं, त्याचा नायक अशाच रंगमंचावरचा उतरती कळा लागलेला नट आहे आणि ती भूमिका लॉरेन्स ऑलिव्हिएने केली.

त्यामुळे जिमीची लांब स्वगतवजा भाषणं अडकत असतील तर आवाज वाढवू नका, विनोद शोधा. कुठे हशा मागतोय, कुठे मिळाला नाही म्हणून चिडतोय, हे नटाला कळलं की अर्धं काम झालं.

इस्त्रीकडे दुर्लक्ष

उरलेलं अर्धं काम जिमीची बायको ॲलिसन हिच्या हातात आहे, शब्दशः. इंग्लंडच्या मध्य भागातल्या एका मोठ्या शहरातली माळ्यावरची एक खोली, एप्रिलमधली रविवारची संध्याकाळ. दोघे पुरुष रविवारचे पेपर चाळतायत आणि ती जिमीचाच एक शर्ट अंगावर घालून कपड्यांच्या ढिगाला इस्त्री करतेय. जिमी बोलतो, डिवचतो, तिच्या माहेराचा उद्धार करतो. ती इस्त्री करत राहते. तिचं उत्तर न देणं हेच त्याला भडकवतं. हे दिसलं नाही तर जिमी नुसता बडबड्या वाटतो.

आमच्याकडे प्लग न लावलेली इस्त्री आणि एकच शर्ट होता. वीस मिनिटं तोच शर्ट! आता मी सांगेन, चांगले आठ-दहा कपडे द्या आणि कुठला कपडा कुठल्या वाक्याला घडी होऊन बाजूला पडतो ते ठरवून टाका. एक तालीम संवादांशिवाय घ्या. इस्त्रीचा घसरता आवाज, पेपरची पानं, बाहेर चर्चची घंटा. ती घंटा जिमीला इतकी असह्य होते की तो खिडकीकडे धावून ओरडतो. त्या ओरडण्याआधी शांतता हवी. इस्त्रीचं टेबलही घडीचं, डगमगतं घ्या. आपलं जेवणाचं टेबल आणि वर दुमडलेली चादर चालणार नाही, कारण पुढे जिमी क्लिफला मुद्दाम त्यावर ढकलतो, टेबल ॲलिसनसकट कोसळतं आणि तिचा हात भाजतो.

तिसरा अंक उघडतो तेव्हा पुन्हा रविवारची संध्याकाळ, पुन्हा दोघे पेपर वाचतायत, आणि इस्त्रीशी जिमीचा जुना शर्ट घातलेली हेलेना. ॲलिसनला या घरातून बाहेर काढणारी तिची मैत्रीण! पहिल्या अंकात इस्त्री मनात ठसली नसेल तर हा धक्का फुकट जातो.

‘किचन सिंक’ म्हणून सिंक लावणं

नेपथ्यात सिंक लावलेलं मी पाहिलंय. साध्या घरांतलं रोजचं जगणं आहे तसं दाखवणाऱ्या नाटकांना ‘किचन सिंक’ म्हणतात, पण हा शब्द मुळात चित्रकलेतला आहे. १९५४ साली डेव्हिड सिल्व्हेस्टर या समीक्षकाने जॉन ब्रॅटबी वगैरे चित्रकारांबद्दल तो वापरला, नाटकांना मागाहून चिकटला. या खोलीत गॅसची शेगडी आहे, अन्नाचं कपाट आहे, दोन जुनाट चामड्याच्या खुर्च्या आहेत. स्वयंपाकघर नाही.

त्याच्याच जोडीची चूक म्हणजे जिमीला कामगार वर्गातला ठरवणं. तो विद्यापीठात शिकलेला आहे आणि बाजारात गोळ्या-चॉकलेटांचा स्टॉल चालवतो. या न जुळणाऱ्या दोन गोष्टींतच त्याचं दुखणं आहे.

तारखांची गल्लत

हे नाटक सुएझ कालव्याच्या प्रकरणात ब्रिटनच्या झालेल्या मानहानीतून जन्मलं, असं वाक्य गाइडांमध्ये सापडतं. कॅलेंडर बघा. पहिला प्रयोग ८ मे १९५६ला, इजिप्तच्या नासरने कालव्याचं राष्ट्रीयीकरण केलं २६ जुलैला. ओसबॉर्नने तर ते १९५५मध्येच लिहून काढलं होतं, मोरकमच्या समुद्रकिनारी दुसऱ्याच एका नाटकात काम करत असताना, सतरा दिवसांत. सुएझने नाटक घडवलं नाही. प्रेक्षकांनी मात्र शरद ऋतूत ते सुएझच्या बातम्या वाचत पाहिलं, आणि हेही कमी नाही.

एका रात्रीत गाजलं, हीही दंतकथाच. बऱ्याच दैनिकांनी नाकं मुरडली. ‘ऑब्झर्व्हर’मध्ये समीक्षक केनेथ टायननने लिहिलं की ज्याला हे नाटक बघावंसं वाटत नाही अशा माणसावर मला प्रेम करता येईल का, शंकाच आहे. हे वाक्य अजरामर झालं, पण तिकीटखिडकीवर गर्दी झाली ती ऑक्टोबरमध्ये बीबीसीने त्यातला काही भाग टीव्हीवर दाखवल्यावर.

आणि त्याआधीची इंग्रजी रंगभूमी म्हणजे नुसते दिवाणखाने, हेही सरसकट लिहू नका. टेरेन्स रॅटिगनचं ‘द डीप ब्लू सी’ १९५२चं. पडदा उघडतो तेव्हा भाड्याच्या कळकट फ्लॅटमध्ये बाई गॅस सोडून पडलेली असते, आणि वाचते ती मीटरमध्ये नाणं टाकायला विसरल्यामुळे. बेकेटचं ‘वेटिंग फॉर गोदो’ लंडनला आलं १९५५मध्ये. उलट ओसबॉर्नचा ढाचा पाहा. तीन अंक, एक सेट, पडद्याआधी नेमकी कलाटणी. आपल्या संगीतोत्तर नाटकांवर वाढलेल्या प्रेक्षकाला तो अजिबात परका वाटणार नाही. नवी होती ती भाषा आणि ते बोलणारा माणूस.

सिनेमा पाहून नाटकावर लिहिणं

१९५९चा चित्रपट टोनी रिचर्डसननेच केला, मूळ प्रयोगाचा दिग्दर्शकही तोच. म्हणून लोक निर्धास्त असतात. पण बाजारात वर्णद्वेषाला तोंड देणारा कपूर नावाचा भारतीय विक्रेता फक्त सिनेमात आहे. जिमीला स्टॉल सुरू करून देणारी मिसेस टॅनर नाटकात एकदाही समोर येत नाही, पडद्यावर येते. उत्तरात कपूर आला की परीक्षकाला लगेच कळतं.

कर्नलला खलनायक करणं

नाटकातला हिंदुस्थान शोधायचाच तर ॲलिसनच्या वडिलांकडे जा. कर्नल रेडफर्न १९१४ साली इंग्लंड सोडून इथल्या फौजेत आले आणि १९४७मध्ये परतले. आपल्या रंगमंचावर ब्रिटिश लष्करी अधिकारी म्हटलं की मिशा, छडी आणि ‘टुम लोग’ हे ठरलेलंच. इथे तो मोह आवरा. दुसऱ्या अंकात ते एका गच्च भरलेल्या, घुसमटलेल्या हिंदुस्थानी स्टेशनातून निघालेली गाडी आणि जीव तोडून वाजणारा पलटणीचा बँड आठवतात. तेव्हाच सगळं संपलं, हे त्यांना आतून कळलं होतं. आपल्या घराघरात ४७ची आठवण नेमकी उलट्या बाजूने सांगितली जाते, म्हणून मराठी प्रेक्षक हे भाषण कान टवकारून ऐकतो. नटाने ते साधेपणाने म्हणावं. जिमी जे बोलतो त्यात तथ्य असेल, हे कबूल करणारा या नाटकातला हा म्हातारा आहे. ॲलिसन त्यांना सांगते की सगळं बदललं म्हणून तुम्ही दुखावलात, आणि काहीच बदललं नाही म्हणून जिमी दुखावलाय.

मराठीत करताना

इंग्रजीत नसलेलं एक हत्यार आपल्याकडे आहे, तू आणि तुम्ही. हेलेना जिमीला ‘तुम्ही’ म्हणत राहू दे, तिच्या तुसडेपणाला ते शोभतं. दुसऱ्या अंकाच्या शेवटी ती त्याच्या थोबाडीत देते आणि मग त्याचं चुंबन घेते, त्यानंतर तिसऱ्या अंकात ती पहिल्याच वाक्यात ‘तू’वर आली की बाकी काही सांगावं लागत नाही.

कापाकापी करताना अस्वल आणि खारीचा खेळ हमखास उडवला जातो. जिमी अस्वल आणि ॲलिसन खार होऊन बोलतात, ते लाडीक बोलणं मराठीत बोलायला नटांना लाज वाटते. ते ठेवाच, शेवट त्याच्यावरच उभा आहे. आणि अस्वल व खारीची ती दोन खेळणी पहिल्या तालमीपासून खणांच्या कपाटावर असू द्या. घर सोडून निघताना ॲलिसन त्यातली खार उचलते, बॅगेत ठेवायला जाते, थबकते आणि परत जागेवर ठेवते. कर्नल वळून तिच्याकडे बघतात. त्या क्षणी कुणी काही बोलत नाही.