नियोजकाला समस्या कशी लिहून द्यावी: तीन ठोकळ्यांचे उदाहरण

स्वयंचलित नियोजनात कृतींचा क्रम आपण सांगत नाही; सुरुवातीची स्थिती, उद्दिष्ट आणि उपलब्ध कृती लिहून दिल्या की क्रम ‘नियोजक’ नावाचा संगणकीय प्रोग्राम शोधतो. म्हणूनच सगळी कसोटी वर्णनाच्या अचूकपणाची असते. हे वर्णन १९९८ साली ड्रू मॅकडरमट आणि सहकाऱ्यांनी नियोजन स्पर्धेसाठी तयार केलेल्या पीडीडीएल भाषेत सहसा करतात.

प्रथम स्थिती लिहावी: ‘ग’ ठोकळा ‘क’वर आहे, ‘क’ आणि ‘ख’ टेबलावर आहेत, ‘ख’ व ‘ग’ यांच्यावर काही नाही, यंत्राचा हात रिकामा आहे. जे लिहिलेले नाही ते असत्य धरले जाते.

मग कृती लिहाव्यात: टेबलावरून उचलणे, टेबलावर ठेवणे, दुसऱ्या ठोकळ्यावर रचणे आणि दुसऱ्यावरून काढणे. फाइक्स आणि निल्सन यांच्या १९७१ मधील स्ट्रिप्स पद्धतीनुसार प्रत्येक कृतीच्या पूर्वअटी, तिच्यामुळे खरे होणारे आणि खोटे ठरणारे असे सारे नोंदवायचे असते. ‘ग’ला ‘क’वरून काढले की ‘ग’ हातात येतो व ‘क’ मोकळा होतो, हे सहज सुचते. पण हात आता रिकामा राहिला नाही, हे लिहायचे राहून जाते. तसे झाल्यास नियोजक कोणतीही तक्रार न करता एकाच हातात दोन ठोकळे धरणारी योजना देऊ शकतो, म्हणून खोटे ठरणाऱ्या गोष्टींची यादी नेहमी आधी करावी असे मी सुचवेन.

‘क’ ‘ख’वर आणि ‘ख’ ‘ग’वर असावा, हे उद्दिष्ट एकत्रच द्यावे. त्याचे तुकडे करून एकेक पुरे करू गेल्यास आधी केलेले मोडावे लागते. ही अडचण सस्मन विसंगती म्हणून प्रसिद्ध आहे. फास्ट डाउनवर्डसारख्या मुक्त-स्रोत नियोजकाकडे सर्वांत लहान योजना मागितल्यास सहा कृती मिळायला हव्यात: ‘ग’ काढून टेबलावर ठेवणे, ‘ख’ उचलून ‘ग’वर रचणे, ‘क’ उचलून ‘ख’वर रचणे. उत्तर वेगळे आले तर शोधपद्धतीवर संशय घेण्यापूर्वी पूर्वअटी तपासाव्यात.

वेळापत्रक हवे असल्यास पीडीडीएलच्या २.१ या आवृत्तीत कृतींना कालावधी देता येतो. तेथे हात रिकामा नसल्याची नोंद कृतीच्या आरंभालाच करावी, कारण ती शेवटी केल्यास त्याच हाताने दुसरी कृती मध्येच सुरू होऊ शकते.