बास्केटबॉलचा स्कोअर वाचायला शिकताना: टेबलावर नव्याने बसणाऱ्यांसाठी

जिल्हा स्पर्धांमध्ये स्कोअररच्या टेबलावर नव्याने बसायला आलेली मुलंमुली पहिल्याच दिवशी विचारतात, "ताई, मॅचमध्ये साधारण किती पॉइंट होतात?" मला हा प्रश्न फार आवडतो, कारण त्याचं उत्तर शोधता शोधता खेळाची निम्मी समज येते. पण एका आकड्यात ते देता येत नाही. चौदा वर्षांखालच्या शालेय मॅचमध्ये २४-१८ हा चांगला चुरशीचा निकाल असतो. २०२४ च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये पुरुषांच्या फायनलला अमेरिकेने फ्रान्सला ९८-८७ असं हरवलं. अमेरिकेतल्या एनबीए या व्यावसायिक लीगमध्ये हल्ली एका संघाची सरासरीच ११४ च्या आसपास आहे. फिबाच्या, म्हणजे आंतरराष्ट्रीय बास्केटबॉल महासंघाच्या, स्कोअरशीटवर रनिंग स्कोअरचे (चढत जाणाऱ्या बेरजेचे) आकडे १ ते १६० छापलेले असतात, चाळीस-चाळीसच्या चार पट्ट्यांत. आपल्याकडच्या लहान गटात पहिली पट्टीही अनेकदा अर्धीच भरते. शीट तीच, रिंग तीच, उंचीही तीच ३.०५ मीटर. मग फरक येतो कुठून?

सगळ्यात आधी मिनिटं बघा. फिबाच्या नियमांनी मॅच १० मिनिटांच्या चार क्वार्टरची, म्हणजे ४० मिनिटांची. एनबीएची १२ मिनिटांच्या चार क्वार्टरची, ४८ मिनिटांची. एवढं लक्षात न ठेवता दोन निकाल शेजारी मांडणं म्हणजे वीस षटकांच्या धावा पन्नास षटकांच्या धावांशी ताडून बघणं. पॅरिसच्या फायनलचे आकडे ४८ मिनिटांवर नेले, म्हणजे १.२ ने गुणले, तर साधारण ११८ आणि १०४ होतात. म्हणजे मैदानावर एनबीएच्या तोडीचीच गुणसंख्या सुरू होती. २०२३ च्या वर्ल्डकप फायनलला जर्मनीने सर्बियाला ८३-७७ हरवलं. तेच गणित तिथे केलं तर १०० आणि ९२ येतात. तो खरोखरच आवळलेला सामना होता, हे आता निश्चिंतपणे म्हणता येतं. अमेरिकेतल्या महिलांच्या डब्ल्यूएनबीए लीगची सरासरी ऐंशीच्या थोडी वर असते. तिथेही मॅच ४० मिनिटांची आहे हे विसरून "मुली कमी स्कोअर करतात" असं बोलणारे पुष्कळ भेटतील. त्यांना १.२ चा गुणाकार करून दाखवा.

उलट्या बाजूचं उदाहरणही ठेवा. १३ डिसेंबर १९८३ ला डेट्रॉइट पिस्टन्सने डेन्व्हर नगेट्सला १८६-१८४ हरवलं. एनबीएतला आजवरचा सर्वांत मोठा एकूण स्कोअर, ३७० गुण. पण त्यात तीन ओव्हरटाइम होते, म्हणजे ६३ मिनिटांचा खेळ. डेट्रॉइटचे १८६ गुण ४८ मिनिटांवर आणले तर १४२ च्या आसपास येतात. तरीही प्रचंडच, पण १८६ इतके नाहीत.

मिनिटांच्या पुढची पायरी म्हणजे पझेशन, आणि माझ्या मते सगळी गोम इथेच आहे. एका संघाकडे चेंडू आला तेव्हापासून तो समोरच्याकडे जाईपर्यंतची एक संधी म्हणजे एक पझेशन. शॉट चुकला आणि रिबाउंड (परत आलेला चेंडू) आपणच घेतला, तर पझेशन तेच चालू राहतं. म्हणून एका मॅचमध्ये दोन्ही संघांची पझेशन जवळजवळ सारखीच निघतात. स्कोअर म्हणजे पझेशनची संख्या गुणिले प्रत्येक पझेशनमागे मिळालेले गुण. यापलीकडे त्यात काही नाही. कुठलाही स्कोअर जास्त वाटला की स्वतःला विचारा: संधी जास्त मिळाल्या, की मिळालेल्या संधींचं सोनं केलं?

हे पटवायला मी नेहमी एनबीएचे दोन काळ समोर ठेवते. १९६१-६२ च्या हंगामात सरासरी ११८.८ होती, आजच्याहून जास्त. त्याच हंगामात, २ मार्च १९६२ ला, विल्ट चेंबरलेनने पेनसिल्व्हेनियातल्या हर्शी गावात एकट्याने १०० गुण केले. मॅच १६९-१४७ अशी संपली. त्या काळी नेमबाजी शंभरात ४३ च्या आसपास होती आणि तीन गुणांची रेषा नव्हतीच. मग एवढे गुण कसे? कारण संघ धावत सुटायचे. एका संघाला मॅचमध्ये सव्वाशेच्या आसपास पझेशन मिळत, असा अंदाज आहे. म्हणजे प्रत्येक संधीमागे एकाहून कमी गुण. आज पझेशन शंभराच्या जवळ आहेत आणि दर संधीमागे सुमारे १.१५ गुण मिळतात. बेरीज जवळपास तीच, खेळ पूर्ण वेगळा. फलकावरचा आकडा बघून हे कधीच कळलं नसतं.

पझेशनची संख्या कोण ठरवतं? मुख्यतः घड्याळ. २२ नोव्हेंबर १९५० ला फोर्ट वेन पिस्टन्सने मिनिआपोलिस लेकर्सला १९-१८ हरवलं. लेकर्सकडे जॉर्ज मायकनसारखा धिप्पाड खेळाडू होता, त्याला चेंडू मिळूच नये म्हणून पिस्टन्सने चेंडू नुसता धरून ठेवला. लेकर्सच्या १८ पैकी १५ गुण तरीही मायकनचेच. असले सामने बघायला कोण येणार? सिरॅक्यूस नॅशनल्सचे मालक डॅनी बियासोन यांनी साधा हिशोब मांडला: रंगलेल्या मॅचमध्ये दोन्ही संघ मिळून सुमारे १२० शॉट होतात, ४८ मिनिटं म्हणजे २८८० सेकंद, भागिले १२०, आले २४. २४ सेकंदांत शॉट घ्यायलाच हवा हा नियम, म्हणजेच शॉट क्लॉक, १९५४-५५ पासून लागू झाला आणि सरासरी एका हंगामात ७९.५ वरून ९३.१ वर गेली. खेळाडू साधारण तेच, चेंडू तोच. बदललं ते फक्त घड्याळ.

आपल्याकडे हे आजही डोळ्यांनी बघायला मिळतं. अनेक मैदानांवर शॉट क्लॉकचं यंत्र नसतं. शेवटच्या क्वार्टरमध्ये सहा-आठ गुणांची आघाडी असलेला संघ चेंडू फिरवत बसतो, आणि तिसऱ्या क्वार्टरपर्यंत धावणारा स्कोअर अचानक थिजतो. त्यात छोट्या स्पर्धांत 'रनिंग क्लॉक' असतं, म्हणजे शिट्टी वाजली तरी घड्याळ थांबत नाही. कागदावर ४० मिनिटं, प्रत्यक्ष खेळ त्याहून बराच कमी. अशा मॅचचा ४५-३८ हा निकाल मी मुळीच कमी मानत नाही. तुम्हीही नोंद करताना शॉट क्लॉक होतं का आणि घड्याळ थांबत होतं का, या दोन गोष्टी आधी लिहा. त्यांच्याशिवाय तो आकडा नंतर कशाशीच ताडता येणार नाही.

आता दुसरी बाजू, दर संधीमागचे गुण. इथे साधा हिशोब डोक्यात पक्का बसवा. रिंगजवळून शंभरात ५० जाणारा दोन गुणांचा शॉट एका प्रयत्नाला १ गुण देतो. लांबून घेतलेला, शंभरात ४२ जाणारा दोन गुणांचा शॉट ०.८४ देतो. शंभरात ३६ जाणारा तीन गुणांचा शॉट १.०८ देतो. जो शॉट जास्त वेळा चुकतो तोच जास्त गुण देतो, हे प्रशिक्षकांना उमगायला फार वर्षं लागली. एनबीएत तीनची रेषा १९७९-८० मध्ये आली. तेव्हा एक संघ मॅचला तीनसुद्धा प्रयत्न करत नसे. आज पस्तीसच्या वर करतो. फिबाने ही रेषा १९८४ मध्ये ६.२५ मीटरवर आणली आणि २०१० मध्ये ६.७५ वर नेली.

बचावाचे नियमही तितकेच महत्त्वाचे. २००३-०४ मध्ये एनबीएची सरासरी ९३.४ पर्यंत उतरली होती. पुढच्या हंगामात चेंडू घेऊन येणाऱ्याला हाताने अडवून धरण्यावर पंच कडक झाले आणि सरासरी ९७ च्या पुढे गेली. एनबीएत बचाव करणारा कोणाला मार्क न करता रिंगखालच्या पट्ट्यात तीन सेकंदांहून जास्त उभा राहू शकत नाही. फिबात ही अट नाही, त्यामुळे उंच सेंटर रिंगखाली ठाण मांडू शकतो. आंतरराष्ट्रीय सामन्यांत गुण आटतात त्यामागे मिनिटांच्या जोडीला हेही कारण आहे. २०१४ मध्ये वुहानला आशिया कपमध्ये भारतीय पुरुषांनी चीनला ६५-५८ हरवलं. त्या निकालात मला ६५ पेक्षा ५८ जास्त मोलाचे वाटतात. आणि २०१७ मध्ये बेंगळुरूला आपल्या महिला संघाने, ज्यात पुण्याची शिरीन लिमये होती, कझाकस्तानला ७५-७३ हरवून आशिया कपच्या वरच्या गटात जागा मिळवली. ७५ हे ४० मिनिटांत अव्वल दर्जाचे गुण आहेत, हे आता तुम्हालाही जाणवेल.

शालेय पातळीवर मात्र तीनची रेषा वगैरे बाजूला ठेवा. तिथे स्कोअर ठरवतात टर्नओव्हर, म्हणजे शॉट न घेताच समोरच्याला घालवलेले चेंडू. समजा सतरा वर्षांखालच्या मुलींच्या मॅचमध्ये एका संघाने ५८ शॉट घेतले, १४ वेळा स्वतःचाच चुकलेला शॉट परत मिळवला, २४ वेळा चेंडू घालवला आणि १२ फ्री थ्रो (फाउलनंतर मिळणारे मोकळे शॉट) टाकले. पझेशन काढायची रीत अशी: शॉट अधिक टर्नओव्हर अधिक फ्री थ्रोंचे ४४ टक्के, वजा आक्रमणातले रिबाउंड. (फ्री थ्रो बहुधा जोडीने मिळतात, पण बास्केटसोबतचा जादाचा एक किंवा टेक्निकल (बेशिस्तीच्या) फाउलचा फ्री थ्रो नवं पझेशन खात नाही, म्हणून निम्म्याहून थोडे कमी धरायचे.) इथे ७३ पझेशन येतात. गुण झाले ४४, म्हणजे संधीमागे ०.६०. पुरुषांच्या मोठ्या आंतरराष्ट्रीय सामन्यात पझेशन सत्तर-पंचाहत्तरच असतात! म्हणजे या मुली संथ खेळल्या नाहीत. दर तीन संधींपैकी एकीत शॉटच घेता आला नाही, दुखणं तिथे आहे. प्रशिक्षकाला "स्कोअर वाढवा" हे सांगून काही हाती लागत नाही. "प्रेस आली की (म्हणजे समोरच्यांनी अंगावर येऊन अडवलं की) पहिला पास कुठे द्यायचा ते ठरवा" हे सांगितलं तर लागतं. चौदा वर्षांखालच्या गटात ४०-६ सारखे निकाल लागतात तेव्हा बहुतेक वेळा फुल कोर्ट प्रेस (पूर्ण मैदानभर अडवणं) आणि त्यातून मिळणारे सोपे ले-अप (रिंगजवळून धावत टाकलेले शॉट) एवढंच घडलेलं असतं.

मैदानाचा भाग तर आहेच. आपल्या तालुका-जिल्हा स्पर्धा ऐन पावसाळ्यात येतात. ओल्या सिमेंटवर ड्रिबल करताना मुलं पाय जपतात, चेंडू हातातून सटकतो, फास्ट ब्रेक, म्हणजे झटपट पळून केलेलं आक्रमण, बंद पडतो. १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकची फायनल उघड्या मैदानावर पावसात झाली होती; अमेरिकेने कॅनडाला हरवलं ते १९-८ असं, मध्यंतरालाच १५-४ होते. जगातल्या उत्तम खेळाडूंची ती गत झाली, तर आपल्या मुलांच्या पावसातल्या २०-१४ ला नावं ठेवू नका. हवामान नोंदीत लिहाच.

शेवटचा मिनिट वेगळा समजून घ्या. तीन-चार गुणांनी मागे असलेला संघ मुद्दाम फाउल करतो, कारण घड्याळ थांबतं. फिबात एका क्वार्टरमध्ये संघाचे चार फाउल झाले की पुढच्या प्रत्येक बचावातल्या फाउलला दोन फ्री थ्रो. त्यामुळे अटीतटीच्या मॅचमध्ये शेवटच्या मिनिटात आठ-दहा गुण चढलेले दिसतात, आणि एकतर्फी मॅचमध्ये त्याच मिनिटात काहीच होत नाही.

कामाला सुरुवात कशी करायची ते सांगते. शीट भरताना पहिल्या व तिसऱ्या क्वार्टरला लाल, दुसऱ्या व चौथ्याला निळं पेन वापरायचं असतंच. त्याचा फायदा घ्या आणि मॅच संपल्यावर क्वार्टरनिहाय गुण वेगळ्या वहीत उतरवा. सोबत गट, खेळाची मिनिटं, शॉट क्लॉक, रनिंग क्लॉक, मैदान. ओव्हरटाइम झाला तर पाच मिनिटं जादा लिहा आणि सरासरी काढताना ती धरा. समोरचा संघ आलाच नाही तर निकाल २०-० लागतो. तो सरासरीत घेऊ नका, कारण ते गुण कोणी केलेलेच नाहीत. थ्री बाय थ्रीची (एका रिंगवर तीन-तीन जणांच्या खेळाची) पानं वेगळी ठेवा. तिथे १० मिनिटं किंवा २१ गुण यांपैकी जे आधी होईल तिथे मॅच संपते, शॉट क्लॉक १२ सेकंदांचं आणि बास्केट एक नाहीतर दोन गुणांची, त्यामुळे पाच-पाच जणांच्या नेहमीच्या खेळातल्या आकड्यांशी त्याचा मेळ बसत नाही.

आणि तुम्ही स्वतः स्कोअरर असाल त्या मॅचमध्ये टर्नओव्हर-रिबाउंड मोजायच्या फंदात पडू नका. तिथे शीट बिनचूक राहणं आधी. ते मोजायला एखाद्या मित्राला बाजूला बसवा. कोणी नसेल तर पुढची मॅच प्रेक्षकांत बसून, एकाच संघाची, एकाच क्वार्टरपुरती मोजा.